तिबोटी खंड्या दिसला, पैसे वसूल!
मागच्या रविवारी कर्नाळ्याची गाईडेड ट्रिप केली, वाशीहून ६ ची बस आलीच पावणेसातला, त्यात चहाचा पत्ता नाही, बायको आधीच वैतागलेली. पण गाईड पोरगा एक नंबर! ओढ्यापासून लांब गप्प बसवलं आणि २० मिनिटांनी तिबोटी खंड्या, चिमणीएवढा जीव, निळा-केशरी-जांभळा, चोचीत सापसुरळी धरून मातीच्या बिळातल्या पिल्लांकडे सुर्रकन गेला, पावसाळ्यातच घरटी करतात हे इथे. फ्लॅश मारायला, पुढे सरकायला साफ मनाई केली त्याने, ते फार आवडलं. धबधबे म्हणजे छोटेच हां, जाहिरातीतल्या फोटोवर जाऊ नका, भिजायला मात्र मजा. पिठलं-भाकरी गरमागरम मिळाली. डास अनलिमिटेड, फुल बाह्यांचा शर्ट घालूनच जा.