आठ लाखांचं घर, चोवीस लाखांचे हप्ते

यवतमाळ जिल्ह्यातल्या एका गावातलं हे प्रकरण आहे. नवरा-बायको, तीन एकर कोरडवाहू, जोडीला शिवणकाम आणि छोटं किराणा दुकान. गावठाणातल्या जुन्या मातीच्या घराच्या जागी पक्कं घर बांधायचं होतं. जागेचा कागद म्हणून ग्रामपंचायतीचा नमुना आठ, म्हणजे घरपट्टीच्या आकारणीचा उतारा, बाकी काही नाही. राष्ट्रीयीकृत बँकेने तेवढ्यावर फाईल घेतली नाही. तालुक्याच्या एजंटने एका गृहवित्त कंपनीतून २०२५ च्या सुरुवातीला ८ लाखांचं कर्ज मिळवून दिलं. कंपनीचं, एजंटचं, गावाचं नाव इथे मुद्दाम दिलेलं नाही. अशी फाईल दर तालुक्यात सापडेल.

एजंट जे बोलला त्यातलं पहिलं वाक्य फार हुशारीचं होतं. "भाऊ, सावकार शेकडा तीन घेते, आपलं तर सव्वाच्या आतच पडते." हिशेबाने ते खरंच आहे. वर्षाला १४ टक्के म्हणजे महिन्याला शेकडा १ रुपया १७ पैसे. पण सावकाराचा पैसा पेरणीला घेतला की चुकारा, म्हणजे विकलेल्या पिकाचा पैसा, आल्यावर परत जातो. आठ महिने धरले तर शंभरावर २४ रुपये व्याज. गृहकर्ज २० वर्षं चालतं, आणि याच १४ टक्क्यांनी शंभरावर १९८ रुपये व्याज भरावं लागतं. सावकार चांगला असं म्हणायचं नाही, तो वेगळाच विषय. फक्त दराची तुलना करताना मुदत सोडून दिली की माणूस तिथेच फसतो, आणि एजंटला हे पक्कं ठाऊक असतं.

आता आकडे. ८,००,००० रुपये, १४ टक्के, २४० हप्ते. हप्ता ९,९४८ रुपये. एकूण भरणा २३,८७,५२०, त्यातलं व्याज १५,८७,५२०. हेच कर्ज ९ टक्क्यांनी मिळालं असतं तर हप्ता ७,१९८ आणि एकूण भरणा १७,२७,५२० झाला असता. म्हणजे पाच टक्क्यांचा फरक ६ लाख ६० हजारांना पडतो. "महिन्याला पावणेतीन हजारच जास्त" असं म्हटलं की हा आकडा कोणाच्या डोळ्यांसमोर येत नाही.

पहिल्या हप्त्याची फोड कोणालाही फोनच्या कॅल्क्युलेटरवर करता येते. उरलेलं मुद्दल गुणिले व्याजदर, भागिले १२००. आठ लाख गुणिले १४ भागिले १२०० म्हणजे ९,३३३. हप्ता ९,९४८ चा, तेव्हा मुद्दलात गेले फक्त ६१५ रुपये. पाच वर्षं एकही हप्ता न चुकवता भरला तर ५,९६,८८० रुपये जातात आणि मुद्दल उरतं सुमारे ७,४७,०००. सहा लाख भरून कर्ज उतरलं ५३ हजारांनी. पाच वर्षांनी स्टेटमेंट हातात आल्यावर "कंपनीने घोटाळा केला" म्हणून लोक भांडायला जातात. हा आकडा मात्र बरोबर असतो. तो पहिल्या दिवशी दाखवला नव्हता, एवढंच.

घोटाळा दुसरीकडे होता. मंजूर झाले ८ लाख, पण त्यातून आधीच कापले गेले ते असे: प्रोसेसिंग फी २ टक्के म्हणजे १६,०००, त्यावर १८ टक्के जीएसटी २,८८०, वकील आणि व्हॅल्युएशनचे ६,०००, आणि एकरकमी विम्याचे ४८,०००. हातात पडणार ७,२७,१२०, व्याज मात्र पूर्ण ८ लाखांवर. एजंटने 'फाईल चार्ज' म्हणून रोख १५,००० घेतले, पावती नाही. ते या हिशेबात धरलेलेच नाहीत. ७,२७,१२० मिळून २४० महिने ९,९४८ भरायचे तर खरा वार्षिक दर सुमारे १५.७ टक्के पडतो. हे स्वतः तपासायचं असेल तर एक्सेलमध्ये 'रेट' या फंक्शनला २४०, उणे ९९४८ आणि ७२७१२० हे तीन आकडे याच क्रमाने द्या आणि उत्तराला १२ ने गुणा. तालुक्याच्या ठिकाणी सेतू केंद्रावर किंवा झेरॉक्सवाल्याकडे बसणारा कोणीही पोरगा दोन मिनिटांत करून देईल.

विम्याचं जरा नीट समजून घ्या, कारण गावाकडच्या फाईलमध्ये सगळ्यात मोठी चोरी बहुतेक इथेच होते. "विमा कंपल्सरी आहे, नाही तर फाईल पास होत नाही" असं सांगितलं जातं. घराच्या इमारतीचा आग-पुराचा विमा कर्ज देणारा मागू शकतो, त्याचा प्रीमियम त्या मानाने लहान असतो. कर्जदाराच्या जीवनविम्याची, तीही त्यांच्याच ठरावीक कंपनीकडून घेण्याची, सक्ती कायद्यात कुठेही नाही. ४८,००० चा प्रीमियम कर्जातच मिसळला की त्यालाही १४ टक्के व्याज लागतं. महिन्याला ५९७ रुपये, २४० महिने, म्हणजे तो विमा १ लाख ४३ हजारांना पडला. त्यात पॉलिसीची मुदत पाच-दहा वर्षांची निघते, कर्ज वीस वर्षांचं, आणि विमा एकट्या नवऱ्याच्या नावावर; दुकान चालवणाऱ्या बायकोचं उत्पन्न फाईलमध्ये मोजलेलं असूनही तिचा विमा नाही. पॉलिसी हातात आल्यापासून ३० दिवसांत ती परत करता येते. थोडी वजावट होऊन पैसे मिळतात. ते कर्ज खात्यातच जमा करायला लावा. बहुतेकांना पॉलिसीचा कागदच मिळत नाही, मिळाला तर इंग्रजी असतो, आणि ते ३० दिवस निघून जातात.

सबसिडीची थाप वेगळी. "पंतप्रधान आवासमध्ये २ लाख ६७ हजार परत येते" असं या जोडप्याला सांगितलं होतं. तो आकडा जुन्या व्याज सबसिडीचा. ती शहरी भागासाठी होती, आणि अल्प उत्पन्न गटासाठी ३१ मार्च २०२२ लाच संपली. सप्टेंबर २०२४ पासूनच्या नव्या शहरी योजनेत जास्तीत जास्त १ लाख ८० हजार, पाच वार्षिक हप्त्यांत, आणि तीही शहरी भागालाच. ग्रामपंचायत हद्दीत लागू होतं ते ग्रामीण घरकुल. त्यात सपाट भागासाठी केंद्राच्या योजनेचे १ लाख २० हजार टप्प्याटप्प्याने लाभार्थ्याच्या खात्यात येतात. त्याचा गृहकर्जाशी संबंध नाही, एजंटशी तर मुळीच नाही. यादीत नाव आहे का ते ग्रामसेवकाकडे किंवा पंचायत समितीत कळतं. सबसिडी धरून हप्ता ठरवला असेल तर तो हिशेब आजच फाडून टाका.

बांधकाम सुरू झाल्यावर पुढचा फटका बसला. गावाकडे कर्ज टप्प्याने सुटतं: जोतं, लिंटेल (दारं-खिडक्यांवरची पट्टी), स्लॅब, शेवटी फिनिशिंग. पहिला टप्पा ४ लाखांचा, त्यातून वरची सगळी कपात झाल्यावर हातात ३,२७,१२०. काळ्या मातीत पाया म्हणजे पैसा जमिनीत जातो. मुरूम लागेपर्यंत खोदायचं, कॉलमचे फुटिंग, प्लिंथ बीम, मग आत मुरमाचा भराव. एस्टिमेट करणाऱ्याने मुरमाड जमिनीचा भाव धरलेला. जोत्यावर येईपर्यंत पैसे संपले. लिंटेल झाल्याशिवाय दुसरा टप्पा नाही, दुसऱ्या टप्प्याशिवाय लिंटेल नाही. नऊ महिने काम थांबलं आणि नऊ महिने ४ लाखांवरचं नुसतं व्याज, महिन्याला ४,६६७, जात राहिलं. ४२,००० रुपये भरले, मुद्दल एका रुपयाने कमी नाही, आणि २४० हप्ते त्यानंतर सुरू. याला प्री-ईएमआय म्हणतात. कर्ज घेण्याआधी खड्डा खोदून माती पाहा, पायाचं एस्टिमेट वेगळं काढा, आणि जोत्यापर्यंतचा खर्च शक्यतो स्वतःच्या पैशाने करा. मंजूर रकमेतला प्रत्येक टप्पा उशिरा घेतला तर व्याज उशिराच सुरू होतं. नियमाप्रमाणे व्याज पैसे प्रत्यक्ष सुटल्याच्या तारखेपासूनच लावता येतं. मंजुरीच्या किंवा सहीच्या तारखेपासून लावलं असेल तर ते परत मागा.

दर 'फ्लोटिंग' आहे म्हणजे कमी-जास्त होईल, एवढं लोकांना कळतं. कशाच्या मागे होईल, ते विचारत नाहीत. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवीन फ्लोटिंग गृहकर्ज रेपोसारख्या (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने पैसे देते त्या) बाहेरच्या दराशी जोडावं लागतं. गृहवित्त कंपन्यांना हे बंधन नाही, त्या स्वतःच्या पीएलआरशी, म्हणजे स्वतःच ठरवलेल्या मूळ दराशी जोडतात. फेब्रुवारी ते जून २०२५ मध्ये रेपो ६.५० वरून ५.५० वर आला. रेपोशी जोडलेल्या बँक कर्जांचे दर उतरले. या जोडप्याचे १४ टक्के जिथल्या तिथे.

वाढीचं उलट आहे. समजा वर्षभर हप्ते भरल्यावर, मुद्दल ७,९२,१३० उरलेलं असताना, दर १५ टक्के झाला आणि कंपनीने हप्ता तोच ठेवला. व्याजच ९,९०२ होतं, मुद्दलात जातात ४६ रुपये. कर्ज फिटायला साधारण ३६ वर्षं लागतील. दर १५.५० झाला तर व्याज १०,२३२, हप्त्यापेक्षा जास्त, आणि भरत असतानाच कर्ज वाढत जाईल. रिझर्व्ह बँकेच्या १८ ऑगस्ट २०२३ च्या आदेशाने असं मुद्दल वाढू द्यायला मनाई आहे. दर बदलला की हप्ता वाढवायचा की मुदत, की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला विचारलं पाहिजे. दर तिमाहीला किती मुद्दल, किती व्याज वसूल झालं आणि किती हप्ते उरले याचं स्टेटमेंट दिलं पाहिजे. फोनवर आलेला इंग्रजी मेसेज पुसून टाकू नका, त्यातच मुदत २४० ची ३०० झालेली असते.

"दोन वर्षांनी बँकेत ट्रान्सफर करून देतो" हेही आश्वासन होतंच. ज्या बँकेने नमुना आठवर कर्ज नाकारलं, ती त्याच नमुना आठवर ट्रान्सफर कशी घेईल? आधी स्वामित्व योजनेतून गावठाणाची ड्रोन मोजणी झाली आहे का, मिळकत पत्रिका, म्हणजे जागेच्या हक्काचा सरकारी कागद, निघते का ते भूमी अभिलेख कार्यालयात पाहा. कधी कधी घर सहा महिने पुढे ढकलून तो कागद हाती घेणं हाच सगळ्यात स्वस्त मार्ग ठरतो.

सही करण्याआधी मागायचा कागद एकच सांगायचा तर तो केएफएस, म्हणजे कर्जाच्या मुख्य माहितीचं पत्रक. १ ऑक्टोबर २०२४ पासूनच्या सगळ्या किरकोळ कर्जांना ते सक्तीचं आहे. कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत हवं, त्यात विम्यासकट सगळे खर्च धरून एपीआर, म्हणजे खरा वार्षिक दर, लिहिलेला हवा, आणि विचार करायला किमान तीन कामाचे दिवस मिळायला हवेत. त्यात नसलेला खर्च तुमच्या स्पष्ट संमतीशिवाय लावता येत नाही. या फाईलमध्ये केएफएस होतं, इंग्रजीत, साठ-सत्तर सह्यांच्या गठ्ठ्यात, एजंटच्या दुकानात एका बैठकीत सही घेतलेलं. त्यावर १५.७ छापलेलंच होतं! कोऱ्या फॉर्मवर आणि कोऱ्या चेकवरही सह्या झाल्या होत्या. त्या कधीही देऊ नका.

हप्ता महिन्याचा, उत्पन्न हंगामाचं. सोयाबीन, कापूस, तूर यांचे पैसे ऑक्टोबर ते मार्चमध्ये येतात. जून ते सप्टेंबर खिशात काही नसतं आणि नेमके तेव्हाच हप्ते बाउन्स होतात. कंपनीचे ५००, बँकेचे २५०, वर जीएसटी, आणि त्याच महिन्यात कंपनीने पुन्हा खात्यातून हप्ता ओढायला पाहिलं की बँक पुन्हा कापते. मार्चमध्येच चार हप्ते, म्हणजे ४० हजार, त्या खात्यात बाजूला टाका. दंडावर व्याज लावणं, दंड मुद्दलात मिसळणं १ एप्रिल २०२४ पासून बंद आहे. स्टेटमेंटमध्ये तसं दिसलं तर लेखी हरकत घ्या.

वैयक्तिक फ्लोटिंग गृहकर्जात मुदतीआधी पैसे भरले तर दंड लागत नाही. चुकाऱ्यातून दरवर्षी २०,००० जादा भरले तर हेच कर्ज वीसऐवजी साधारण बारा वर्षांत संपतं आणि सात लाखांहून जास्त वाचतात. अर्जात "मुदत कमी करा, हप्ता तोच ठेवा" असं लिहा, पोच घ्या. नाही तर हप्ता कमी करून मुदत तशीच ठेवतात. एक गोष्ट मात्र बघा: एजंटने फाईल 'घर बांधणी' ऐवजी 'मालमत्ता तारण, व्यवसायासाठी' अशी टाकली असेल तर दर आणि नियम दोन्ही वेगळे होतात. मंजुरी पत्रावर कर्जाचा हेतू काय लिहिलाय ते वाचा.

"कास्तकाराचं घर कोणी घेऊ शकत नाही" या भरवशावर राहू नका. कोर्टात न जाता गहाण मालमत्ता ताब्यात घेऊ देणाऱ्या २००२ च्या सरफेसी कायद्यातून शेतजमीन वगळली आहे, गावठाणातलं गहाण टाकलेलं घर नाही. ९० दिवस हप्ता थकला की खातं एनपीए, म्हणजे थकीत कर्ज, मग ६० दिवसांची नोटीस. तिला लेखी उत्तर दिलंत तर १५ दिवसांत कारणांसह जबाब देणं त्यांना भाग आहे. ताब्याची कारवाई झाली तर ४५ दिवसांत नागपूरच्या कर्ज वसुली न्यायाधिकरणात जाता येतं.

तक्रार आधी कंपनीच्या तक्रार अधिकाऱ्याकडे लेखी द्या. ३० दिवसांत दाद लागली नाही तर गृहवित्त कंपनीविरुद्ध नॅशनल हाउसिंग बँकेच्या ग्रिड्स या तक्रार पोर्टलवर आणि बँकेविरुद्ध रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जाता येतं. लोकपालाबद्दलची माहिती १४४४८ वर मिळते. कर्ज फिटल्यावर मूळ कागद ३० दिवसांत परत मिळायला हवेत. कर्ज देणाऱ्यामुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई आहे. कंपनीकडून एनओसी (ना हरकत पत्र) घेऊन ग्रामपंचायतीत नमुना आठवरचा बोजा उतरवा आणि बोजा नसलेला नवा उतारा त्याच दिवशी काढून घ्या.