चियांग माईचं खान्तोक: पाहुण्यांना वारंवार नेल्यानंतरचा अनुभव

सासूबाईंच्या 'शाकाहारी' ताटातल्या चटणीत कपी निघाली, म्हणून हे लिहायला बसले आहे. कपी म्हणजे जवळ्याला मीठ लावून, आंबवून, वाटून केलेला गोळा. सासूबाई माळकरी आहेत. खान्तोकबद्दल, म्हणजे बुटक्या ताटाभोवती बसून नाच बघत जेवायच्या उत्तर थायलंडच्या मेजवानीबद्दल, माझं मत एव्हाना बरंच चांगलं झालं होतं आणि या प्रकारानंतरही ते फिरलेलं नाही. पण शाकाहारी माणसाकडून पूर्ण पैसे घेऊन तिथे बहुतेक ठिकाणी अर्धंच जेवण वाढतात, हे कुणीतरी सविस्तर सांगायला हवं.

आम्ही लाम्फूनला राहतो. यांची नोकरी इथल्या औद्योगिक वसाहतीत. चियांग माई जवळच, त्यामुळे नोव्हेंबर लागला की पुण्या-सांगलीहून पाहुणे सुरू होतात, आणि प्रत्येकाला एक संध्याकाळ खान्तोकला न्यायचं हे आता ठरूनच गेलं आहे. वेगवेगळ्या ठिकाणी गेलो, स्वस्तात आणि महागात दोन्ही. बुटक्या पायांचं गोल ताट, भोवती मांडी घालून बसायचं, समोर नाच, हे तुम्हाला माहीत असेलच. ते परत सांगत नाही.

मुद्द्याची गोष्ट ती छोटी वाटी. नाम प्रिक नुम. लांब हिरव्या मिरच्या, लसूण आणि इथले बारके लाल कांदे निखाऱ्यावर काळे पडेपर्यंत भाजायचे, सालं काढायची, दगडी खलात कुटायचं. आपल्या ठेच्याची सख्खी बहीण, फक्त मिरचीचे धागे तसेच ठेवलेली आणि थोडी ओलसर. झाकणाच्या टोपलीतला चिकट भात चिमूटभर घ्यायचा, बोटांनी वळायचा, या चटणीत बुडवायचा आणि वर वाफवलेल्या भोपळ्याची फोड किंवा चवळीची शेंग घ्यायची. उत्तर थायलंडचं घरचं जेवण असंच असतं. चिकट भातावर रस्सा ओतून कालवत नाहीत, त्यामुळे त्याला चव येते ती या वाटीतून. वाटी काढून घेतली तर उरतो नुसता भात आणि तळण.

आणि शाकाहारी ताटात नेमकं तेच होतं. चटणीत माशाचं पाणी म्हणजे नाम प्ला, नाहीतर कपी असते. मग स्वयंपाकघर सरळ वाटी काढून टाकतं आणि तिच्या जागी बाटलीतला गोड लाल सॉस ठेवतं. सोबत पिठात बुडवून तळलेल्या भाज्या, तळलेलं केळं, परतलेला कोबी, कुरकुरीत शेवया. पहिल्यांदा पाहुण्यांना हे फार आवडतं. दुसऱ्या खेपेपासून मला त्या तळणाकडे बघवेना. मांसाहारी ताटात डुकराच्या मांसाचं केंग हांग ले, खिमा-टोमॅटोचं नाम प्रिक ओंग, तळलेली कोंबडी, एवढं सगळं आणि शाकाहाऱ्याला कोबी. दर मात्र दोघांना एकच. मला हे पटत नाही. दर तोच ठेवायचा तर ताटात तेवढा विचार दिसला पाहिजे.

यावेळी बुकिंग एजंटमार्फत केलं होतं. दोनदा लिहून दिलं होतं: मासा नको, कपी नको, नाम प्ला नको. ताट आलं, वाटीही आली, मला आनंद झाला. वाटी जवळ घेतली आणि वास आला. मी घरी ही चटणी करते, त्यामुळे तो वास मी चुकूच शकत नाही. सासूबाईंचा हात भातावर होता, तो धरला. म्हणाल्या, "अगं, काय झालं?" म्हटलं, "आई, थांबा, आधी विचारते." वाढणारी मुलगी आत जाऊन आली आणि खरं ते बोलली, की रोजचीच चटणी आहे. तिने सासूबाईंना 'मे उई', म्हणजे आजी, म्हणून हाक मारून नमस्कार केला आणि दहा मिनिटांत आतून ताजी भाजून कुटलेली वाटी आणून दिली, नुसत्या मिठाची. ती वाटी उत्तम होती. म्हणजे करता येतं. कुणाला अवघड नाही. फक्त आधी सांगितलेलं स्वयंपाकघरापर्यंत पोचत नाही. एजंटला फोन केला तर त्याचं म्हणणं, चवीपुरती तर असते, आणि बाकी ताट शाकाहारीच होतं ना. पैसे परत नाहीतच. मला पैशांपेक्षा त्या 'चवीपुरती'चा राग आला. आयुष्यभर तुळशीची माळ घातलेल्या बाईला कुणी असं सांगू नये.

आता काय करायचं ते. 'जे' म्हणजे थाई लोकांचा कडक शाकाहार. 'जे' म्हणालात तर मासा, अंडं, दूध यांच्याबरोबर कांदा-लसूणही जातो. चातुर्मास पाळणाऱ्यांना ते सोयीचं, पण बटाटा-गाजर 'जे'मध्ये चालतं, तेव्हा जैन मंडळींनी कंदमुळांचं वेगळं सांगावं. आणि लसूण चालत असेल तर 'जे' मुळीच म्हणू नका, कारण मग नाम प्रिक नुमचा जीवच जातो. अशा वेळी 'मांगसाविरात', म्हणजे शाकाहारी, म्हणायचं आणि पुढे लगेच 'माय साय नाम प्ला, माय साय कपी', म्हणजे नाम प्ला घालू नका, कपी घालू नका. हे थाईत कागदावर लिहून घ्या आणि आदल्या दिवशी थेट त्या जागी फोन करून वाचून दाखवा.

आणखी एक मागण्यासारखी वस्तू आहे, थुआ नाओ. सोयाबीन शिजवून, आंबवून, पातळ चकत्या थापून उन्हात वाळवतात. चियांग माईच्या बाजारात त्यांचे गठ्ठे मिळतात. विस्तवावर भाजून कुटली की कपीचं काम तीच करते, आणि नाम प्रिक ओंगमध्ये ती मुळातच घालतात. म्हणजे शाकाहारी खार इथल्याच मातीत आहे, बाहेरून आणायला नको. खिम्याऐवजी मशरूम घालून, थुआ नाओ लावून केलेलं नाम प्रिक ओंग मला एका जागी मिळालं. ते खाताना ताट पहिल्यांदा पूर्ण वाटलं. एवढं जर प्रत्येकाने केलं तर माझी एकही तक्रार उरणार नाही.

मांसाहाराबद्दल यांचं मत थोडक्यात: हांग ले सोडून उठू नका. नारळाचं दूध नाही, आलं भरपूर, चिंचेचा आंबटपणा, मांस बोटाने तुटेल इतकं मऊ. पदार्थ मूळचा ब्रह्मदेशाकडचा. १५५८ ते १७७४ मधला बहुतेक काळ चियांग माई बर्मी अमलाखाली होतं, त्याच्या खुणा इथल्या स्वयंपाकातही आहेत. डुक्कर न खाणाऱ्यांनी बुकिंग करतानाच सांगावं. भात आणि वाट्या पुन्हा मागता येतात, संकोच करू नका.

आता नाचाकडे. सुरुवातीला मला एक गोष्ट अतिशय खटकायची. कलाकार समोर नाचतायत आणि आपण तोंडात घास घालतोय. नाट्यगृहात शेजारी कुणी वेफर्सचं पाकीट उघडलं तरी आपण मान वळवून बघतो. मी कितीतरी वेळा जेवण थांबवून बसले आणि भात गार झाला. मग इथल्या एका शिक्षिकेने या मेजवानीची गोष्ट सांगितली. बुटक्या ताटाभोवती जेवणं जुनंच, पण नाचासकट पाहुण्यांना बसवायचा हा थाट १९५३ सालचा. क्राइस्री निम्मानहेमिन यांनी तो घातला. पर्यटक कॉफी प्यायला जातात तो निम्मान रस्ता याच घराण्याच्या नावाचा. निमित्त होतं न्यायमूर्ती सन्या थम्मासक यांच्या निरोपाचं. हे सन्या पुढे १९७३ मध्ये थायलंडचे पंतप्रधान झाले. वुआलाय रस्त्यावरचं 'ओल्ड चियांग माई' सांस्कृतिक केंद्र १९७१ चं, आणि पाहुण्यांसाठी रोजची संध्याकाळ ही रीत त्यानंतर रुळली. म्हणजे खाणं आणि बघणं पहिल्यापासून एकत्रच आहे. यजमानाने जेवू घालताना पाहुण्यासमोर आपल्याकडचं चांगलं ते मांडावं, असा तो हेतू. हे कळल्यापासून मी घास थांबवत नाही. एक नाच सोडून.

तो नाच फॉन लेप, नखांचा. सुरुवातीला तो मला संथ वाटायचा आणि मुलं तर कंटाळून मोबाइल काढायची. पुढे लाम्फूनजवळच्या एका गावात देवळाचा उत्सव होता, तिथे तोच नाच रस्त्यावर पाहिला. दानाची मिरवणूक देवळाकडे चाललेली, पुढे दोन रांगांत गावातल्या बायका, आजीपासून शाळेतल्या मुलीपर्यंत. मागे गाडीवर लांबलचक ढोल, झांजा आणि 'नै', हे सनईच्याच जातीचं वाद्य. नाच मिरवणुकीच्या चालीचा आहे, म्हणून संथ. एक पाऊल, मनगटाचा एक फेर, पुन्हा पाऊल. तेव्हापासून मंचावरही मी पायांकडे बघतच नाही, मनगटांकडे बघते.

शेजारच्या काकूंनी एकदा ती नखं माझ्या बोटांत घालून दिली. पातळ पितळेचा पत्रा वळवून केलेली, बोटापेक्षा लांब, टोकाला मागे वळलेली. अंगठा सोडून आठही बोटांत. हात जरा घाईत फिरला की नखं एकमेकांवर घासतात आणि खर्र आवाज येतो. मनगट कोपरापासून सुटं ठेवून फिरवलं तर आठ नखं एकाच वेळी पंख्यासारखी उघडतात आणि आवाज अजिबात होत नाही. त्या म्हणाल्या, मुलींना शिकवताना आधी हा आवाज बंद करायला शिकवतात. आता मंचाजवळ बसले की मी कान देते. चांगल्या संचाच्या नाचात पितळ वाजत नाही.

या नाचांना आजचा रूप-घाट मिळाला त्यात दारा रस्मी या राजकन्येचा मोठा वाटा. जन्म १८७३, चियांग माईच्या राजघराण्यातली, थायलंडच्या राजा चुलालाँगकॉर्नची राणी. राजाच्या निधनानंतर १९१४ मध्ये ती माहेरी परतली आणि १९३३ मध्ये वारेपर्यंत आपल्या वाड्यात मुलींना नाच शिकवत राहिली. चियांग माईजवळ मे रिमला तिचा वाडा आहे, आता संग्रहालय. खान्तोकच्या आधी दुपारी तिथे जाऊन या, संध्याकाळ वेगळी दिसेल.

एका गोष्टीवर मात्र तडजोड नाही. वाजवणारे समोर हवेत. काही स्वस्त जागी सगळं ध्वनिमुद्रित लावतात. नर्तकी चुकली तर ढोलवाला सावरून घेतो, ते तिथे होतच नाही, आणि मुली मोजून हात फिरवतात हे कळतं. बुकिंगआधी विचारा. तलवारींचा नाच मुलांना आवडतो, आवडू दे. शेवटी ह्मोंग, लिसू, आखा अशा डोंगरी समाजांचे नाच एकामागून एक उरकतात. ते मला अजूनही बरं वाटत नाही. ही वेगवेगळी माणसं आहेत, वेगळ्या भाषांची. प्रत्येकाला दोन मिनिटं देऊन पुढे सरकणं हा त्यांचा मान नव्हे.

जागेबद्दल. पुढच्या रांगेसाठी जास्तीचे पैसे देऊ नका. मान वर करून बघावं लागतं आणि वाढपी मधून जातात. दुसऱ्या रांगेची कडेची जागा मागा. गुडघे दुखणाऱ्यांसाठी काही ठिकाणी पाय खाली सोडता येतील असे खड्डे आहेत, काही ठिकाणी मागे टेबलं. आधीच सांगितलं तर देतात. पाण्याखेरीज पेयांचं बिल वेगळं. हॉटेलवरून नेण्या-आणण्याचे पैसे वाचवायचे तर चार-पाच जणांनी मिळून लाल सोंगथेव, म्हणजे मागे दोन बाकं असलेली भाड्याची गाडी, ठरवावी, परतीच्या वेळेसकट.

शेवटी रामवोंगला, म्हणजे गोल फेर धरून करायच्या नाचाला, प्रेक्षकांना बोलावतात. सासूबाई उठतील असं मला वाटलं नव्हतं. त्याच मुलीने हात पुढे केला आणि त्या उठल्या, पदर खोचून पूर्ण फेरी नाचल्या. नंतर त्या मुलीला जवळ घेऊन मराठीतच म्हणाल्या, "बाळा, चटणी फार छान केली होतीस." ती म्हणाली, "यिन दी चाओ," म्हणजे इथल्या बोलीत धन्यवाद. मी त्या जागी पुन्हा जाणार आहे, त्या मुलीसाठी आणि ढोलवाल्यासाठी.

एजंटकडे मात्र जाणार नाही. डिसेंबरात नणंद येतेय. यावेळी थेट फोन केला, कागद वाचून दाखवला, थुआ नाओ घालाल का विचारलं. पलीकडच्या बाईंनी हो म्हटलं आणि माणशी किती वाट्या लागतील तेही विचारून घेतलं. पैसे काउंटरवर भरायचे ठरले आहेत, आणि वेळ साडेसहाची सांगितली आहे, म्हणजे नाच सुरू व्हायच्या आत ताट तपासून होईल.