हेल्परला ऑपरेटर करायचं की ऑपरेटरलाच आणखी तयार करायचं? खाद्य कारखान्यातल्या प्रशिक्षणाच्या पर्यायांची तुलना

खाद्यपदार्थांच्या कारखान्यात नवं मशीन यायचं ठरलं की पहिली विचारणा होते, ‘कोणता कोर्स घ्यायचा?’ खरं तर त्याआधी दोन गोष्टी ठरायला हव्यात. माणसाला आहे त्याच कामात वरच्या पायरीवर न्यायचंय की त्याचं कामच बदलायचंय? आणि त्या कामात चूक झाली तर ती लगेच डोळ्यांना दिसते का? ही उत्तरं हातात असली की लाइनवरचं शिक्षण, वर्गातला कोर्स आणि मोबाइलवरचे धडे यांतली निवड बरीचशी सोपी होते.

त्याच्याही आधी एक खातरजमा करून घ्या, की होणारा तोटा खरंच कौशल्याच्या कमतरतेमुळे आहे का. चार आठवड्यांच्या नोंदी काढून लाइनची एकूण परिणामकारकता मांडा: उपलब्धता गुणिले वेग गुणिले गुणवत्ता. समजा ०.८५ × ०.९० × ०.९८ असं आलं, तर उत्तर साधारण ७५ टक्के. इथे गुणवत्तेपेक्षा उपलब्धतेत जास्त गळती आहे, म्हणजे मशीन बंद राहतंय. ते छोट्या-छोट्या अडकण्यांमुळे बंद राहत असेल, तर ऑपरेटरला सफाई, तपासणी, तेल-ग्रीस आणि नट-बोल्ट आवळणं शिकवून फरक पडेल. पॅकिंगच्या फिल्मचे रोल वेळेवर लाइनवर पोचत नसल्यामुळे बंद राहत असेल, तर कितीही प्रशिक्षण दिलं तरी आकडा हलणार नाही. पुष्कळदा नियोजनातला दोष प्रशिक्षणाच्या नावावर खपवला जातो.

वरची पायरी की नवं काम

त्याच कामात तयार करण्याचा फायदा उघड आहे. माणसाला माल माहीत असतो, मशीनचा आवाज बदलला की कान टवकारतात, शिकवायचा भाग थोडा असतो. अडचण येते ती सवयींची. मेटल डिटेक्टरने पाकीट बाहेर फेकलं, की तेच पाकीट पुन्हा पट्ट्यावर ठेवायचं आणि या वेळी पास झालं तर पुढे सोडायचं, ही जुन्या माणसांत सर्रास दिसणारी सवय. बारीक तार एका दिशेने गेली तर ठळक संकेत देते, दुसऱ्या दिशेने आडवी गेली तर निसटू शकते. म्हणजे दुसऱ्यांदा पास झालेलं पाकीट निर्दोष ठरत नाही. अशी सवय मोडायला कोऱ्या माणसाला नवं शिकवण्यापेक्षा जास्त वेळ लागतो. योजना आखताना तो वेळ धरलेला नसतो.

काम बदलायचं असेल, तेव्हा उडी किती लांब आहे ते पाहा. हाताने निवड करणारी व्यक्ती कॅमेऱ्याच्या सॉर्टिंग मशीनवर आली तर उडी जवळची. कोणता डाग चालतो आणि कोणता नाही हे तिला पाठ असतं, आणि मशीनची मर्यादा बसवताना नेमकी तीच जाण लागते. हेल्परला धुलाईच्या सीआयपी यंत्रणेवर (पाइप-टाक्या न उघडता जागच्या जागी धुणाऱ्या) घेणं ही मधली उडी. त्याला देखभालीचा फिटर करणं ही लांबची: विजेची सुरक्षितता, नकाशे वाचणं, मोजमापं. त्यासाठी बाहेरच्या तांत्रिक संस्थेतलं रीतसर शिक्षण लागतं. चार-सहा महिने लाइनवर कुणाच्या तरी मागे फिरवून तो फिटर होत नाही.

तिसरा पर्याय म्हणजे बाहेरून तयार माणूस घेणं. तो मशीनला लवकर रुळतो. पण दुसऱ्या उद्योगातून आलेला असेल, तर खाद्य कारखान्याची शिस्त त्याला मुळापासून शिकवावी लागते. अन्नाला लागण्याची शक्यता असेल तिथे एच-१ दर्जाचंच ग्रीस वापरायचं, काम संपल्यावर हत्यारं आणि सुटे भाग मोजून घ्यायचे, दुरुस्तीनंतर सफाई होऊन सही झाल्याशिवाय लाइन सोडायची नाही. ‘याला सगळं येतं’ म्हणून हे शिकवणं टाळलं जातं आणि मग मालात वॉशर सापडतो.

लाइनवर शिकवणं

हाताचं काम लाइनवरच येतं. पण ‘शेजारी उभा राहून बघ’ म्हणजे शिकवणं नव्हे. तसा शिकलेला माणूस जुन्याचे शॉर्टकटही उचलतो आणि तीन शिफ्टमध्ये कामाच्या तीन पद्धती रूढ होतात. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेतल्या कारखान्यांत नवख्यांना झटपट तयार करण्यासाठी बसवलेली चार टप्प्यांची पद्धत आजही चालते: माणसाची तयारी करा, करून दाखवा, त्याच्याकडून करवून घ्या, मग मागोवा ठेवा. सोबत एका कामाचा एक कागद, त्यावर तीन रकाने: मुख्य टप्पा, जपायची गोष्ट आणि तिचं कारण. तिसरा रकाना रिकामा राहिला तर कागद कुचकामी. दुधाच्या पाइपलाइनच्या धुलाईचं उदाहरण घ्या. टप्पा: पहिलं खळबळणं. जपायची गोष्ट: पाणी कोमट, उकळतं नाही. कारण: फार गरम पाण्याने प्रथिनं पृष्ठभागावर शिजून चिकटतात आणि पुढचा कॉस्टिक सोडा त्यांना सहज सोडवत नाही. हे कारण ठाऊक नसलेला माणूस ‘गरम पाण्याने चांगलं निघतं’ या घरगुती हिशेबाने वागतो.

पाउच भरणाऱ्या मशीनचंही तसंच. सील गळायला लागलं की ऑपरेटरचा हात थेट तापमानाच्या बटणाकडे जातो. सील तीन गोष्टींवर ठरतं: तापमान, दाब आणि सील करणारे गरम जबडे मिटून राहण्याचा वेळ. त्यात चौथी भर, सीलच्या जागी अडकलेली पावडर. तापमान चढवत नेलं तर फिल्म आकसते, सुरकुत्या पडतात आणि गळती मात्र तशीच राहते, कारण दोष जबड्यावरच्या झिजलेल्या टेफ्लॉनचा किंवा वाकड्या बसलेल्या जबड्याचा असतो. हे शिकवायचं तर टाकाऊ फिल्मवर मुद्दाम बिघाड करून द्या आणि दोष शोधायला सांगा. एका वेळी एकच बिघाड करा. दोन केले तर नवखा अंदाज बांधायला लागतो.

या मार्गाची खरी किंमत म्हणजे लाइनचा मंदावलेला वेग आणि शिकवणाऱ्याचा वेळ. उत्पादनाचं लक्ष्य तेवढंच ठेवून ‘शिकवा’ म्हटलं, तर शिकवणाराच घाईने काम उरकून टाकतो.

वर्गातला कोर्स

जिथे चूक दिसत नाही, तिथे वर्ग हवाच. दुधाच्या पाश्चरीकरणात ७२ अंश सेल्सिअस आणि १५ सेकंद. तापमान खाली आलं की वळण-झडप दूध परत मागे पाठवते. डबाबंद मालाच्या रिटॉर्टमध्ये (दाबाखाली डबे तापवणाऱ्या भांड्यात) १२१.१ अंशांना ३ मिनिटं ही बोट्युलिनम या घातक जिवाणूच्या बीजाणूंसाठीची किमान उष्णता, तीही डब्यात सर्वांत उशिरा तापणाऱ्या जागी. डबा अर्धवट शिजला तरी तो वरून तसाच दिसतो. ‘चुकून शिकेल’ हा मार्ग इथे बंद असतो. का करायचं हे माहीत नसलेल्या माणसाला वळण-झडप म्हणजे उत्पादनात खोडा वाटते.

एचएसीसीपीची (अन्नातले धोके आधीच ओळखून रोखण्याच्या पद्धतीची) ७ तत्त्वं आणि ती लागू करायच्या १२ पायऱ्या वर्गात बसूनच नीट समजतात, कारण तिथे उत्पादन, देखभाल आणि गुणवत्ता विभागांची माणसं एकत्र बसून वाद घालू शकतात. कायद्याचाही भाग आहे. युरोपीय संघाच्या ८५२/२००४ नियमानुसार अन्न हाताळणाऱ्यांना त्यांच्या कामाला साजेसं प्रशिक्षण किंवा सूचना आणि देखरेख मिळायला हवी. अन्नाचे आंतरराष्ट्रीय निकष ठरवणाऱ्या कोडेक्सने २०२० मध्ये सुधारलेल्या स्वच्छतेच्या मूलतत्त्वांत अन्नसुरक्षेच्या संस्कृतीचा समावेश केला.

बिघडतं कुठे? कोर्सला ज्याला सोडता येतं तो जातो. ज्याला जायला हवं, म्हणजे रात्रपाळीत रिटॉर्टवर उभा राहणारा, तो जात नाही. परीक्षा पर्याय निवडायची असते आणि प्रमाणपत्र फायलीत पडतं. कोर्सहून परतल्यावर दोन आठवड्यांच्या आत त्याच्याकडून लाइनवर तेच काम करवून घेतलं नाही, तर शिकलेलं विरून जातं.

मोबाइलवरचे धडे

उजळणीला उत्तम, हाताच्या कामाला निरुपयोगी. तीन ते पाच मिनिटांचा, कामगारांच्या भाषेतला आवाजी धडा पाककृती बदलली, नवं लेबल आलं किंवा नवा ॲलर्जन (काहींना ॲलर्जी होते असा शेंगदाण्यासारखा घटक) लाइनवर आला की सगळ्या शिफ्टला एकाच दिवशी पोचतो. काही दिवसांच्या अंतराने पुन्हा विचारलेला एक प्रश्न तासाभराच्या भाषणापेक्षा जास्त टिकतो. पण उत्पादनाच्या भागात फोन नेऊ देत नाहीत, म्हणून विश्रांतीच्या खोलीत टॅबलेट ठेवावा लागतो आणि तो वेळ पगारी धरावा लागतो. ‘१०० टक्के पूर्ण’ या आकड्यावर मात्र विसंबू नका. बटण दाबलं गेलं, एवढंच त्यातून कळतं.

| काम | चूक कधी कळते | कुठे शिकवावं | आलं हे कशावरून |
|---|---|---|---|
| वजन, लेबल, सील | मिनिटांत | लाइनवर | मुद्दाम केलेला बिघाड शोधणं |
| पाश्चरीकरण, रिटॉर्ट | माल बाजारात गेल्यावर | वर्ग, मग लाइनवर | तापमान घसरल्यावर काय करेल ते करून दाखवणं |
| ॲलर्जनची सफाई | ग्राहकाला त्रास झाल्यावर | वर्ग, लाइनवर, मोबाइलवर उजळणी | सफाईनंतर ॲलर्जनचा स्वॅब (पृष्ठभाग पुसून घेतलेली चाचणी) |

शेवटच्या ओळीबद्दल थोडं जास्त सांगायला हवं. कोरडी पावडर हवेच्या झोताने उडवणं सोपं पडतं, पण तीच पावडर शेजारच्या लाइनवर जाऊन बसते. व्हॅक्यूम आणि पुसणं हीच पद्धत शिकवा. शिवाय एटीपी स्वॅबचा आकडा खाली आला म्हणजे ॲलर्जन गेला, हा गैरसमज सुपरवायझरमध्येही आढळतो. एटीपी सेंद्रिय मळाचा अंदाज देतं. ॲलर्जनसाठी त्या-त्या प्रथिनाची वेगळी चाचणी लागते.

निवड करताना

दोन-तीन माणसं तयार करायची असतील तर बाहेरचा कोर्स आणि लाइनवरचा एक पक्का शिकवणारा पुरे. पन्नास-साठ असतील, तर आधी चार-पाच शिकवणारे तयार करा. थेट सगळ्यांना वर्गात बसवलं तर लाइनवर मागोवा घ्यायला कुणी उरत नाही. चूक न दिसणाऱ्या कामात मात्र खर्च वाचवायला जाऊ नये. तिथे वर्ग, लाइनवरचा सराव आणि सही, तिन्ही हवीत.

स्किल मॅट्रिक्समधली (कुणाला कोणतं काम किती येतं याच्या तक्त्यातली) चार पाव भागांची वर्तुळं ऑडिटच्या आदल्या दिवशी ऑफिसात बसून भरली जातात, हे उघड गुपित आहे. त्यावर उपाय म्हणून ‘एकटा करू शकतो’ हा तिसरा पाव शिकवणाऱ्याने न भरता दुसऱ्या कुणी तरी काम पाहून भरावा. सहा महिने ते काम हाताखालून गेलं नसेल तर पाव पुसावा. प्रत्येक नाजूक कामाला दर शिफ्टमध्ये किमान दोन माणसं असावीत, नाहीतर एकाची रजा पडली की अर्धवट शिकलेला पुढे ढकलला जातो.

पगाराची पायरी शिकवणी सुरू होण्याआधी जाहीर करा. नवं काम मिळालं पण दर जुनाच राहिला, तर शिकलेला माणूस शेजारच्या कारखान्यात जातो, आणि न शिकलेले त्यावरून धडा घेतात. हाताने पॅकिंग करणाऱ्यांना ‘मशीन आलं की आपण गेलो’ ही भीती असते. कुणाला कुठे घेणार ही यादी मशीन बसायच्या आधी भिंतीवर लागली, तर पहिल्या दिवसापासून माणसं प्रश्न विचारायला लागतात.

नव्याला पहिल्यांदा एकटं सोडायचं तर दिवसपाळीत, नेहमीच्या मालावर आणि चेंजओव्हर (लाइनवरचा माल बदलणं) नसलेल्या दिवशी. पहिला चेंजओव्हर शिकवणारा समोर असताना, पण हात मागे बांधून. पहिली रात्रपाळी त्यानंतर.