छत्रीबागेमागची लाँड्री: सुती साडीला खळ इथेच, रेशमी मात्र नेऊ नका

सुती माहेश्वरीला खळ कुठे घालून मिळते, हा प्रश्न इंदूरच्या रामबागेतल्या आमच्या भिशीत दर वेळी निघतो, म्हणून एकदाचं लिहून टाकते. छत्रीबागेच्या मागच्या गल्लीत हे दुकान आहे. पाटी नाही, इस्त्रीचं लांबलचक टेबल हीच खूण.

खळ उत्तम. निऱ्या नीट बसतात आणि गडद रंगावर कांजीचे पांढरे डाग राहत नाहीत. दुकानवाल्या भैयांच्या मते सगळी करामत पाण्याची. बोअरचं पाणी जड, साबणाला फेस येत नाही. त्यामुळे धुणं बोअरवर, पण शेवटचं पाणी आणि खळ नर्मदेच्या नळाची. नळ एक दिवसाआड, म्हणून साडीही घाईने मिळत नाही. हे पाणी नर्मदाकाठच्या जलूदहून ७० किलोमीटर चढवून आणतात. जलूदपासून महेश्वर जवळच, म्हणजे साडी विणली जाते त्याच काठचं पाणी तिला इथे मिळतं. मी हे कौतुकाने सांगितलं, तर भैया म्हणाले, "आंटी, बिल भी तो आता है."

त्यांचे आजोबा शहरातल्या खान नदीवरच धूत. कापड मिलमधले बाबू आणि जॉबर, म्हणजे मुकादम, हे त्यांचं गिऱ्हाईक. मिल वाढल्या तशा चाळी वाढल्या आणि सगळ्यांचं सांडपाणी त्याच नदीत उतरलं. घाटावरून त्यांना कुणी उठवलं नाही. पांढरे शर्ट पिवळट होऊन परत जायला लागले, म्हणून त्यांनीच घाट सोडला. पुढे १९९१मध्ये हुकुमचंद मिल बंद पडली आणि ते गिऱ्हाईकही गेलं. (कामगारांच्या थकबाकीचा २२४ कोटींचा चेक निघाला २०२३च्या डिसेंबरात. आमचे चुलत सासरे तोवर राहिले नव्हते.) २०२१मध्ये इंदूर देशातलं पहिलं 'वॉटर प्लस', म्हणजे सांडपाणी शुद्ध केल्याशिवाय नदीनाल्यात न सोडणारं, शहर ठरलं, नाल्यांची तोंडं बंद झाली. वास पुष्कळ कमी झाला हे भैयाही मानतात. नदीत साडी बुडवाल का, विचारलं तर नुसते हसले.

तक्रारी दोन. साडीच्या कोपऱ्यावर शाईने नंबर घालतात, तो जाता जात नाही. फॉलच्या आतल्या बाजूला घाला म्हणून आधीच बजावा. आणि रोल प्रेसमध्ये काठाची जर चपटी होते, पैठणी तर अजिबात देऊ नका.

सुती साडी धुऊन, खळ-इस्त्रीसह १२० रुपये. रोखच न्या. ऑनलाइनचा कागद भिंतीवर आहे, पण खातं पुण्यातल्या मुलाचं. त्याला फोन लागून पैसे पोचल्याची खात्री होईपर्यंत भैया साडी हातातून सोडत नाहीत.