बँड सांभाळत राहायचं की रिॲलिटी शोमध्ये उडी मारायची?

दहा-बारा वर्षं गायक-बँड मॅनेज केले, आता टीव्हीवाल्यांकडून विचारणा आलीये, जाऊ का? हा प्रश्न विचारणाऱ्या प्रत्येकाच्या डोक्यात सायमन फुलर हा ब्रिटिश पॉप मॅनेजर असतो. साहजिक आहे म्हणा. १९८५ ला कंपनी काढली, स्पाइस गर्ल्स या मुलींच्या बँडला टॉपला नेलं, १९९७ च्या नोव्हेंबरात त्यांनीच त्याला काढून टाकलं आणि चारेक वर्षांत हा माणूस पॉप आयडल हा गाण्याचा स्पर्धा-शो घेऊन आला, २००२ ला अमेरिकन आयडल. पण लोक यातनं "मॅनेजर टीव्हीत गेला आणि मालामाल झाला" एवढंच उचलतात. अहो, तो कुणाच्या शोवर नोकरीला नव्हता लागला, फॉरमॅटमध्ये, म्हणजे शोच्या मूळ साच्यात, त्याच्या कंपनीचा मालकी वाटा होता. माझ्या मते सगळा फरक तिथेच आहे.

पैशाचं बघू. मॅनेजरला साधारण १५ ते २० टक्के कमिशन, आर्टिस्ट कमावेल तेव्हा. अल्बम पडला की तुमचंही वर्ष पडलं. पण एक शेपूट असतं: कॉन्ट्रॅक्टमध्ये सनसेट क्लॉज नीट लिहून घेतला असेल तर वेगळे झाल्यावरही तुमच्या काळात झालेल्या कामावर काही वर्षं कमी कमी होत जाणारं कमिशन येत राहतं. टीव्हीत उलटं. सीझन चालू असेपर्यंत फी वेळेवर, आर्टिस्टचा मूड कसाही असो, पण शूट-एडिट संपलं की मीटर बंद आणि पुढचा सीझन होणार की नाही हे चॅनेल ठरवणार. फॉरमॅटमध्ये वाटा असेल तर मात्र दुसऱ्या देशात शो विकला की लायसन्स फीतला हिस्सा तुमच्याकडे येतो. वाटा नसेल तर शो कितीही देशांत गाजू दे, तुम्ही टाळ्या वाजवायच्या.

मॅनेजरला टीव्हीची भुरळ का पडते तेही खरंय हां. नवा गायक लोकांपर्यंत न्यायला रेडिओ, छोटे गिग्स, दुसऱ्या कुणाच्या टूरवर ओपनिंग यात वर्षं जातात, आणि इथे आठवड्यामागून आठवडे प्राइमटाइमला फुकट जाहिरात, वर प्रेक्षक स्वतः मत देऊन त्याला आपला मानतात. पॉप आयडल जिंकलेल्या विल यंगचा पहिला सिंगल २००२ मध्ये ब्रिटनमध्ये पहिल्याच आठवड्यात ११ लाखांवर खपला. मॅनेजमेंटच्या नेहमीच्या रस्त्याने नवख्या माणसाला हे जवळपास अशक्य.

पण दोन टोप्या एकाच डोक्यावर बसत नाहीत. समजा स्पर्धक मुलगी रिहर्सलला कोसळली, रडली, कुणावर तरी ओरडली. मॅनेजर म्हणून तुमचा हात आधी कॅमेऱ्यासमोर जाईल, प्रोड्युसर म्हणून तुम्ही विचाराल, माइक चालू होता ना? एडिटला बसल्यावर तोच सीन प्रोमोत टाकायचा की नाही हे तुम्हालाच ठरवायचंय, आणि रिलीज फॉर्मवर (शूट केलेलं दाखवायची परवानगी) तिची सही आधीच झालेली आहे. आता शो संपल्यावर तुम्हीच तिचे मॅनेजर होणार असाल तर तिच्या बाजूने भांडणार कोण? २०१२ चा अमेरिकन आयडल विजेता फिलिप फिलिप्स २०१५ मध्ये फुलरने काढलेल्या त्याच कंपनीविरुद्ध कॅलिफोर्नियाच्या लेबर कमिशनरकडे गेला, ती लायसन्स नसताना एजंटचं काम करते अशी तक्रार घेऊन. ती शोच्या धंद्यातही होती आणि त्याची मॅनेजरही. नंतर तडजोड झाली, पण मुद्दा राहतोच.

मधले रस्तेही आहेत बरं का. शॅरन ऑस्बोर्नने नवऱ्याची, रॉक गायक ओझी ऑस्बोर्नची, मॅनेजरकी सोडली नाही, कॅमेराच घरात आणला आणि २००२ ला एमटीव्हीवर शो उभा केला. त्याच वर्षी तिला कॅन्सर निघाला तरी शूट चालू राहिलं, म्हणजे किंमत कुठवर जाते बघा. आयरिश मॅनेजर लुई वॉल्श २००४ पासून एक्स फॅक्टर या गाण्याच्या स्पर्धेचा जज होता आणि वेस्टलाइफ या बँडचं काम बघणंही तेव्हा चालूच होतं. हा रस्ता मला सगळ्यात कमी धोक्याचा वाटतो, फक्त जजची खुर्ची मागून मिळत नाही.

रोजच्या कामाबद्दल थोडक्यात. फोन दोन्हीकडे रात्री-अपरात्री वाजतो. मॅनेजरचं कॅलेंडर निदान स्वतःचं असतं, टीव्हीत कॉल टाइम, एअर डेट आणि चॅनेलच्या नोट्स. तुमचा कान, इगो सांभाळायची सवय, आणि गाण्याच्या परवानग्या (शब्द-चालीचे हक्क म्हणजे पब्लिशिंग वेगळी, रेकॉर्डिंगचे म्हणजे मास्टर वेगळा, इथे टीव्हीवाले हमखास अडकतात) या गोष्टी तिकडे सोन्यासारख्या. गोष्ट बांधणं मात्र शून्यापासून शिकावं लागेल, चांगल्या स्टोरी प्रोड्युसरशेजारी गप बसून.

आणि हो, आत्ताच्या आर्टिस्टच्या कॉन्ट्रॅक्टमध्ये की-मॅन क्लॉज आहे का ते आधी बघा. असला तर तुम्ही स्वतः लक्ष देत नाही म्हणून तो उठून जाऊ शकतो, म्हणजे टीव्ही जमलं नाही तर परतायला घरच नाही. नुसती फी आणि एक्झिक्युटिव्ह प्रोड्युसर हे नाव देत असतील तर मी तरी आर्टिस्ट सोडणार नाही, फार तर एक सीझन कन्सल्टंट म्हणून करीन. फॉरमॅटमधला वाटा लेखी देत असतील तर जा, पण विजेत्याची मॅनेजमेंट दुसऱ्या कुणालातरी द्या. "वाट्याचं नंतर बघू" म्हणाले तर वकिलाला फोन लावा आणि तोवर कशावरही सही करू नका.