रेड स्टार, आठ महिन्यांनंतर: तारा अस्सल, फिरकी बोगस

‘टच्’ असा बारीक आवाज झाला आणि माझे पंच्याण्णव युरो तडकले. माझ्या सोव्हिएत पदकाच्या डावीकडच्या खालच्या टोकावर, लाल मीनाकामात, केसाएवढी रेघ. चूक माझीच, पक्कड मीच लावली होती. पण ती लावायची वेळ का आली, ते सांगायला हा सगळा प्रपंच.

सोव्हिएत पदकांच्या नादाला लागलेल्या माणसाची पहिली मोठी खरेदी बहुधा ‘ऑर्डर ऑफ द रेड स्टार’च असते. ६ एप्रिल १९३० ला सुरू झालेला हा सन्मान सोव्हिएत संघ संपेपर्यंत ३८ लाखांहून जास्त वेळा दिला गेला. त्यामुळे तो मिळतो भरपूर आणि खिशालाही झेपतो. रशियात सोव्हिएत सरकारी पदकांची खरेदी-विक्री फौजदारी गुन्हा आहे (कलम ३२४), पण मी राहतो बर्लिनमध्ये. इथे हा धंदा उघड चालतो. साठ युरो ताऱ्याचे आणि वर ‘कागदपत्रांसह’ म्हणून पस्तीस, असे मोजून मी तो घरपोच मागवला. पहिल्या आठवड्यात जो भेटेल त्याला सांगत होतो, डोळे झाकून घ्या.

तारा हातात घेतल्यावर कुणीही तेच म्हणेल. चांदीचा आहे, वजन तळहाताला कळतं. मधोमध ओव्हरकोट आणि टोकदार बुद्योनोव्का टोपी घातलेला शिपाई, हातात रायफल, भोवती ‘जगातल्या कामगारांनो, एक व्हा’, खाली विळा-हातोडा. लाल रंग गोठलेल्या कोकमाच्या आगळासारखा, खोल. चांदीवर काळपट झाक चढली आहे, ती तशीच ठेवायची असते. आईने व्हिडिओ कॉलवर पाहिलं आणि पहिलं वाक्य, “टूथपेस्टने घास, चकचकीत होईल.” नाही घासला.

आता फिरकी. या ताऱ्याला टाचणी नसते. मागे आटे पाडलेली दांडी असते. कपड्याला भोक पाडायचं, दांडी आरपार घालायची आणि मागून गोल चपटा नट फिरवायचा. कुड्यांची फिरकी असते, अगदी तसंच. मूळ नट ३३ मिलिमीटरचा, म्हणजे चांगला रुंद. तो कापडाला मागून सपाट धरतो, म्हणून जड तारा लोंबत नाही. माझ्याबरोबर आलेला नट जेमतेम १८ मिलिमीटरचा निघाला. कुठल्या तरी बिल्ल्याचा असावा. मखमलीच्या फळीवर तारा लावला की दुसऱ्या दिवशी शिपाई तिरका. सरळ केला, तिसऱ्या दिवशी पुन्हा तिरका. महिनाभर मी रोज सकाळी चहाआधी शिपायाला ‘सावधान’मध्ये आणत होतो. बायको म्हणाली, त्याला ‘विश्राम’ देऊन टाक. मग एका रविवारी चिडून पक्कड घेतली. पुढचं वर आलंच आहे.

विक्रेत्याला फोटो पाठवले, नटावर मोजपट्टी ठेवून. उत्तर चार दिवसांनी: नट हा बदलता भाग आहे, सैनिकसुद्धा बदलत असत, वर्णनात ‘मूळ नट’ असं कुठेही लिहिलेलं नाही. खरंच नव्हतं लिहिलेलं. फोटो मात्र फक्त पुढच्या बाजूचे आणि क्रमांकाचे होते, मागचा नट काढून घेतलेला. परतीचे चौदा दिवस कधीच उलटले होते. सद्भावना म्हणून पुढच्या खरेदीवर दहा युरोंचं कूपन मिळालं. त्या दिवशी विचारलं असतंत तर मी पाचपैकी एक तारा दिला असता, तोही तिरका.

मत बदललं ते पस्तीस युरोंच्या कागदांमुळे, आणि आधी ते आणखी वाईटाकडे बदललं. कागद म्हणजे सन्मानाच्या नोंदकार्डाची छायाप्रत, रशियन हस्ताक्षरात. मला वाचता येत नव्हती, पण डोक्यात चित्र पक्कं होतं: जळता रणगाडा, जखमी वीर. ऑफिसातली एक कझाक सहकारी जेवणाच्या सुट्टीत वाचायला बसली. नाव, हुद्दा कप्तान, विभाग लेखा. रेड स्टारसमोर तीन शब्द होते, ‘झा विस्लुगू ल्येत’. ती हसली. “सेवेची वर्षं भरल्याबद्दल.”

ताऱ्यावरचा क्रमांक तीस लाखांच्या पुढचा, म्हणजे महायुद्धानंतरचा होता, तेव्हाच शंका यायला हवी होती. जून १९४४ मध्ये नियमच झाला होता: दहा वर्षं सेवा झाली की ‘लढाऊ कामगिरी’चं पदक, पंधरा झाली की रेड स्टार, वीस झाली की रेड बॅनर, पंचविसाला थेट ‘ऑर्डर ऑफ लेनिन’. हे १९५७ पर्यंत चाललं. म्हणजे माझा वीर पंधरा वर्षं हिशेब जुळवत बसलेला कारकून! संग्राहकांच्या बाजारात असा तारा सर्वांत स्वस्त. शौर्याची नोंद असलेल्याला कैक पट भाव मिळतो. मी तर वर पस्तीस देऊन हे कळवून घेतलं.

दोन-तीन आठवडे राग होता. मग वाचत गेलो. पहिल्या क्रमांकाचा तारा १९३० मध्ये सेनानी वासिली ब्ल्यूखरला मिळाला आणि १९३८ मध्ये तोच माणूस मॉस्कोच्या लेफोर्तोवो तुरुंगात कोठडीत मेला. त्या काळात पंधरा वर्षं गणवेशात टिकणं हेही काही कमी नव्हे. ताऱ्याबरोबर महिन्याला १५ रूबल आणि ट्रामचा फुकट प्रवास मिळायचा. १ जानेवारी १९४८ पासून दोन्ही बंद. माझ्या कप्तानाला तारा मिळाला तो त्यानंतर, म्हणजे त्याला ट्रामही नाही. त्या हिशेबनिसाला हे किती लागलं असेल, ते मला नीट कळतं.

आणखी एक सापडलं. १९४४ मध्ये हाच तारा ब्रिटिश हिंदी सैन्याच्या सर्व्हिस कोअरमधल्या दोघांनाही मिळाला होता: सुभेदार नारायणराव निक्कम आणि हवालदार गजेंद्रसिंह चंद. इराणमार्गे रशियाला जाणारी रसद वाहून नेणाऱ्यांपैकी हे. निक्कम हे आडनाव वाचून मी थबकलो, पण गृहस्थ तमिळनाडूतले. म्हणजे गोळी झाडणाऱ्यांइतकाच पोती मोजणाऱ्यांचाही हा तारा. तेव्हापासून माझा कप्तान मला खटकत नाही.

नट मात्र खटकत होताच. शेवटी रविवारच्या जुन्या बाजारात एका आजोबांकडे बिस्किटाच्या पत्र्याच्या डब्यात नुसते नटच सापडले. टांकसाळीचा ‘मॉनेत्नी द्वोर’ ठसा असलेला रुंद नट, बारा युरो. घासाघीस करून नऊला घेतला. आटे दीड फेऱ्यात बसले. तीन महिने झाले, शिपाई सरळ उभा आहे. तडा आहे तसाच, उन्हात धरला तरच दिसतो.

घ्यायचाच असेल तर मागच्या बाजूचा फोटो मागा, नट लावलेला आणि काढलेला, दोन्ही. कागद आधी कुणाकडून तरी वाचून घ्या. पक्कड घरात ठेवू नका.

आज कूपन वापरायला बसलो होतो. मुदत ३१ तारखेची. खाली बारीक अक्षरात: किमान खरेदी पन्नास युरो, टपालखर्च वेगळा.