दहा मिनिटांचा दीड इंच : सेडान ‘वर करून’ देणाऱ्यांची मोजणी

गणपतीच्या आधीच्या महिन्यात एक मागणी ठरलेली असते. कोकणात जायचंय, पाच माणसं आहेत, डिकी भरलेली आहे आणि गेल्या वर्षी गाडी खालून लागली होती, तेव्हा जरा वर करून द्या. ही गरज खरी आहे. भरलेली सेडान घेऊन गावाकडच्या रस्त्यावर जाणाऱ्याला पोट घासल्याचा तो आवाज चांगला ठाऊक असतो. याच गरजेवर फसवणूक चालते, म्हणून ती कशी होते ते टेपच्या आकड्यांसकट सांगतो.

पुण्यातल्या एका कुटुंबाची गाडी घेऊ. सहा वर्षं वापरलेली, पुस्तकात ग्राउंड क्लिअरन्स (पोट आणि जमीन यांमधलं अंतर) १६५ मिमी, पुढच्या-मागच्या चाकांमधलं अंतर २६०० मिमी. दुकानदार म्हणाला, “साहेब, दीड इंच आरामात वर येईल. राइडमध्ये काही फरक नाही, एआरएआय अप्रूव्हड माल आहे.” (एआरएआय म्हणजे गाड्या आणि त्यांचे भाग तपासणारी पुण्यातली संस्था.) ‘लिफ्ट किट’चे १२,००० रुपये ठरले. आधी टेप लावला तेव्हा पुढच्या फेंडरची कड जमिनीपासून ६५० मिमीवर होती. गाडी दोन खांबी लिफ्टवर गेली, चारही कॉइल स्प्रिंगच्या वेटोळ्यांमध्ये रबरी तुकडे बसले, गाडी खाली आली आणि मालकासमोर पुन्हा टेप लागला. ६८८. अडतीस मिमी, म्हणजे कबूल केलेला दीड इंच. पैसे दिले, गाडी घरी आली. दुसऱ्या दिवशी सकाळी पार्किंगमध्ये त्याच जागी टेप ६५६ दाखवत होता.

बत्तीस मिमी रात्रीत गेले नाहीत. ते मुळात मिळालेच नव्हते.

गाडी लिफ्टवर उचलली की चाकं खाली लोंबतात. पुढचे लोअर आर्म, म्हणजे चाकाला बॉडीशी जोडणारे खालचे दांडे, खाली झुकतात आणि त्याबरोबर दोन्ही चाकं थोडी आत ओढली जातात. गाडी खाली उतरवताना टायर जमीन धरतात, बाहेर सरकू शकत नाहीत, आणि गाडी अंग चोरून बसावी तशी उंच अडकून राहते. आर्मच्या सांध्यातले रबरी बुशही पिळलेले असतात, तेही तिला वरच धरतात. चार-पाच मीटर गाडी ढकलली की चाकं आपल्या जागी सरकतात आणि गाडी बसते. मागे बहुतेक सेडानना टॉर्शन बीम, म्हणजे दोन्ही चाकांना जोडणारा आडवा दांडा, असतो. तिथे दोन चाकांमधलं अंतर बदलत नाही, त्यामुळे हा फुगवटा मागे फार दिसत नाही. टेप पुढच्याच चाकावर का लावला गेला, ते यातून समजून घ्या.

खात्री करायची असेल तर दुकानदाराला सांगा : काहीही न बसवता गाडी लिफ्टवर घ्या, खाली ठेवा आणि लगेच मोजा. रिकाम्या कामातही इंचभर वाढ दिसेल. हे करायला जो तयार होत नाही, त्याच्याकडे गाडी देऊ नका.

याला जोडून आणखी युक्त्या असतात. ‘आधीची’ मोजणी मालक सीटवर बसलेला असताना, किंवा टायरमध्ये २४–२५ पीएसआय हवा असताना घेतात, आणि ‘नंतरची’ हवा भरून, गाडी रिकामी करून. कधी इंजिनखालचा गार्ड काढून ठेवतात आणि त्याच्या जागेची उंची ‘वाढली’ म्हणून दाखवतात. कधी गाडी बाहेर उतारावर उभी करून मोजतात. बिलावर मात्र ‘लिफ्ट किट’ हे शब्द येत नाहीत. ‘अलाइनमेंट, बॅलन्सिंग, लेबर’ असं लिहिलेलं असतं, म्हणजे पुढे भांडायला कागद उरत नाही.

आता ते रबरी तुकडे. बफर, असिस्टर, बूस्टर अशा नावांनी ते मिळतात. त्यांचं काम समजलं की दीड इंचाचं आश्वासन आपोआप पडतं. गाडी जमिनीवर उभी असताना दोन वेटोळ्यांमध्ये समजा ३० मिमी फट आहे. तिथे ३० मिमीचा तुकडा बसवला तर गाडी एक मिमीही वर येत नाही, कारण फट होती तेवढीच राहते. ३६ मिमीचा कोंबला तर फार तर पाच-सहा मिमी वर येईल. लिफ्टवर स्प्रिंग सैल असते, फटी मोठ्या दिसतात, तुकडा सहज शिरतो, म्हणून मालकाला वाटतं की बरंच काही घडलं.

बफरचं खरं काम वेगळं आहे : स्प्रिंगचं एक वेटोळं बंद करणं. काम करणारी पाच वेटोळी असतील आणि एक बंद झालं, तर स्प्रिंग साधारण पंचवीस टक्के कडक होते. भरलेली गाडी मागून ४५ मिमी बसत असेल तर ती ३६ मिमीच्या आसपास बसेल. नऊ मिमीचा हा फायदा खरा आहे आणि काही लोकांना तेवढा पुरतोही. प्रामाणिक दुकानदार एवढंच सांगेल. त्याची किंमतही तो सांगेल : शॉकअप जुनेच राहिल्यामुळे कडक झालेल्या स्प्रिंगला ते आवरू शकत नाहीत, गाडी खड्ड्यानंतर दोन-तीनदा उसळते, आणि तुकड्याच्या कडेला वेटोळ्यावर एकाच जागी ताण येतो. तिथे आधी रंग उडतो, मग गंज धरतो, आणि स्प्रिंग तुटलीच तर बहुधा तिथूनच तुटते. स्वस्त तुकडे उन्हात आणि चिखलात कडक होऊन चिरतात. मग एका बाजूचा गळून पडतो आणि गाडी तिरपी उभी राहते.

या गाडीचं प्रकरण इथे थांबलं नाही. मालक तक्रार घेऊन गेला तेव्हा दुकानदाराने ‘फुकटात’ पुढे २० मिमीचे ॲल्युमिनियम स्पेसर, म्हणजे जाड चकत्या, घातले. हा धोका फसवणुकीपेक्षा मोठा होता.

पुढच्या स्ट्रटचा (स्प्रिंग आणि शॉकअपच्या एकत्र खांबाचा) वरचा माउंट गाडीच्या बॉडीला सहसा तीन स्टडने धरलेला असतो. मध्ये स्पेसर घातला की गाडी जवळजवळ तेवढीच वर येते. इथे उंची खरी मिळते. पण मूळचे स्टड बॉडीच्या पत्र्यापुरत्या लांबीचे असतात. नीट बनवलेल्या स्पेसरला स्वतःचे वेगळे स्टड असतात. या गाडीत नुसती भोकं पाडलेली चकती होती आणि मूळ स्टडच तिच्यातून वर काढले होते. बोनेट उघडून टॉर्च मारला तर स्टडचं टोक नटाच्या आत बुडालेलं दिसत होतं, आणि नट तीन आट्यांवर उभा होता. नटाच्या तोंडातून स्टडचे किमान दोन आटे बाहेर दिसायला हवेत. ब्रेक मारताना आणि वळताना पुढच्या चाकाचा सगळा जोर याच तीन नटांवर येतो. ज्यांनी स्पेसर बसवून घेतले आहेत त्यांनी आजच बोनेट उघडून हे बघावं. आटे दिसत नसतील तर गाडी हायवेला नेऊ नये.

चकती चांगली असली तरी बाकीचे परिणाम राहतातच. चाक बॉडीच्या मानाने आता जवळजवळ २० मिमी जास्त खाली लोंबतं. चाक खड्ड्यात उतरलं की लोअर आर्म आणि त्याचे सांधे आधीपेक्षा जास्त झुकतात. ड्राइव्ह शाफ्ट (इंजिनचा जोर चाकापर्यंत नेणारा दांडा) जास्त कोनात फिरतो, त्याचा रबरी बूट घड्यांवर चिरतो, ग्रीस बाहेर फेकलं जातं, आणि थोड्या दिवसांनी वळताना कट-कट सुरू होते. चाकाच्या आतल्या बाजूला ग्रीसचे शिंतोडे दिसले तर कारण हेच. टो, म्हणजे चाकांचा आत-बाहेर वळलेला कोन, बिघडतो, तो अलाइनमेंटला बसवता येतो. कॅम्बर, म्हणजे चाकाचा उभा कल, तोही बदलतो, आणि बऱ्याच सेडानना पुढे कॅम्बर बसवायची सोयच नसते. ‘अलाइनमेंट करून देतो, सगळं ठीक होईल’ हे अर्धंच खरं आहे. टायर एका कडेने झिजत राहतो.

टायर बदलून उंची वाढवण्याचा मार्ग उघड हिशेबाचा आहे, तो स्वतः करून बघावा. १८५/६० आर१५ चा व्यास ६०३ मिमी. १८५/६५ आर१५ चा ६२१.५. व्यास साडेअठरा मिमीने वाढला, पण गाडी वर येते त्याच्या निम्मी, म्हणजे सव्वानऊ मिमी. ‘टायर बदलून पाऊण इंच’ म्हणणारा पूर्ण व्यास आपल्या गळ्यात मारतो. स्पीडोमीटर तीन टक्के कमी दाखवू लागतो, आणि स्टीअरिंग पूर्ण वळवल्यावर टायर आतल्या लायनरला घासतो का, हे भरलेल्या गाडीत बघावं लागतं. लोअर आर्म आणि टॉर्शन बीम यांच्या चाकाकडच्या टोकांची जमिनीपासूनची उंची मात्र फक्त टायरनेच वाढते. स्प्रिंगखालचे किंवा स्ट्रटवरचे स्पेसर ती टोकं वर नेत नाहीत.

मोजायचं ते आपणच, दुकानात जायच्या आदल्या दिवशी. सपाट फरशी निवडा. लेव्हल नळीत पाणी भरून चारही चाकांजवळ पातळी तपासा. गाडी रिकामी, पेट्रोलचा काटा कुठे आहे ते लिहून ठेवलेलं, थंड टायरमध्ये दाराच्या खांबावरच्या स्टिकरप्रमाणे हवा, स्टीअरिंग सरळ. गाडी पाच-सहा मीटर पुढे-मागे ढकला आणि चारही कोपरे दोन-तीनदा दाबून सोडा. मग चाकाच्या मधोमधपासून फेंडरच्या कडेपर्यंत सरळ वर मोजा, चारही चाकांना. या आकड्यात हवेचा किंवा टायरचा खेळ चालत नाही. स्प्रिंग आणि स्पेसरने काय केलं ते इथेच कळतं. मग पोटाखाली सुताराचा गुण्या आणि स्टीलची पट्टी सरकवून इंजिन गार्ड, सायलेन्सर आणि मधला भाग, असे तीन-चार आकडे घ्या. पाच माणसं आणि सामान भरून हेच पुन्हा करा. पुस्तकातला १६५ बहुतेक वेळा रिकाम्या गाडीचा असतो. भरल्यावर हातात साधारण १२० उरतात. लढाई या १२० ची आहे.

लागतं कुठे, हेही आधी शोधा. इंडियन रोड्स काँग्रेसच्या आयआरसी ९९ या मानकाच्या १९८८ च्या आवृत्तीतला गोल गतिरोधक ३.७ मीटर रुंद, १० सेंटिमीटर उंच आणि १७ मीटर त्रिज्येचा आहे. २.६ मीटरची गाडी त्यावर मधोमध आली की दोन्ही चाकं स्वतःच पाच सेंटिमीटर चढलेली असतात, आणि पोटाखाली फक्त पाच सेंटिमीटरचा उंचवटा येतो. भरलेली सेडान तिथे लागूच नये. लागते ती गावच्या वेशीवर कुणी सिमेंटने बांधलेल्या अरुंद, टेकाडासारख्या गतिरोधकावर, जिथे चारही चाकं जमिनीवर राहतात आणि त्याची सगळी उंची, समजा १५ सेंटिमीटर, पोटाखाली येते. तिथे सहा मिमी काही वाचवत नाहीत. सोसायटीच्या रॅम्पच्या माथ्यावरही तसंच. २६०० मिमीच्या गाडीत १२० उरले असतील तर ती साधारण साडेदहा अंशांचा मोड पार करते, आणि एकास पाच उताराचा माथा सव्वाअकरा अंशांचा असतो. दहा मिमी वाढवले तर एक अंशाहून थोडं कमीच मिळतं. तिथे एक इंच खरा मिळाला तर उपयोग आहे, आणि रॅम्पवर तिरकं चढलं, माणसं खाली उतरवली तर तो फुकटात मिळतो. गतिरोधकावर ब्रेक दाबलेला ठेवू नका. नाक खाली जातं आणि पुढचा गार्ड आधी लागतो. अलीकडे वेग कमी करून ब्रेक सोडून चढा.

बऱ्याच गाड्यांत आवाज करणारा असतो तो लोंबलेला सायलेन्सर, ज्याची रबरी कडी फाटलेली असते, किंवा क्लिप तुटून खाली आलेला प्लास्टिकचा पत्रा. खाली वाकून ताजे ओरखडे बघा. खुणा तिथेच असतील तर काम काहीशे रुपयांचं आहे. जुन्या गाडीची स्प्रिंग खचलेली असेल तर त्याच मॉडेलच्या नव्या गाडीची चाक-फेंडर उंची मोजा. १०–१५ मिमीचा फरक आला तर कंपनीच्या स्प्रिंग जोडीने बदला, सोबत बम्प स्टॉप (स्प्रिंग पूर्ण दबल्यावर धक्का झेलणारं रबर) आणि वरचा माउंटही. एवढ्यात हरवलेली उंची परत येते आणि मूळ रचना तशीच राहते. वरच्या गाडीत मागच्या स्प्रिंग १२ मिमी खचल्या होत्या आणि सायलेन्सरची एक कडी तुटलेली होती. दुकानदाराने दोन्हीकडे पाहिलंसुद्धा नाही.

‘एआरएआय अप्रूव्हड’ या स्टिकरला स्वतःची काही किंमत नाही. त्या विशिष्ट भागाचा, त्याच बनावटीचा चाचणी दाखला मागा. मोटार वाहन अधिनियम १९८८ च्या कलम ५२ मध्ये मालकाने गाडीत करायच्या बदलांवर बंधन आहे, आणि कलम १८२अ (४) प्रमाणे परवानगी नसलेल्या बदलासाठी सहा महिन्यांपर्यंत कैद, प्रत्येक बदलामागे पाच हजार रुपये दंड किंवा दोन्ही, आणि तेही मालकाला. आरसीवर ग्राउंड क्लिअरन्स लिहिलेला नसतो, असं दुकानदार सांगतो. पण स्ट्रटचा नट सुटून अपघात झाला तर पोलीस आणि विमा कंपनी गाडीच्या मालकालाच विचारतात, दुकानदाराला नाही.

काम करून घ्यायचंच असेल तर बिलावर तीन गोष्टी लिहून घ्या : कोणता भाग, किती मिमी जाडीचा आणि कुठे बसवला; गाडी दहा किलोमीटर चालवल्यानंतर चाक-फेंडर उंची किती वाढली पाहिजे; आणि ती भरली नाही तर पैसे परत. काढलेले मूळ भाग सोबत आणा. पैसे दहा किलोमीटरनंतरच्या मोजणीवर द्या.

फसवणूक झालीच असेल तर आधी स्पेसर आणि बफर काढून गाडी मूळ स्थितीत आणा. स्टडचे आटे गेले असतील तर नुसता नट घट्ट करू नका, माउंट बदला. काढण्याआधी टेप लावलेले फोटो घ्या, त्यात टेपचा आकडा आणि गाडीचा नंबर दोन्ही एकाच चौकटीत येऊ द्या. १९१५ या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर तक्रार नोंदवा. तिथे निघालं नाही तर २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्याखाली जिल्हा आयोगाकडे जाता येतं. आपण राहतो त्या जिल्ह्यातही तक्रार चालते, मुदत दोन वर्षांची आहे, आणि पाच लाखांपर्यंत दिलेल्या मोबदल्यासाठी फी लागत नाही. काढलेले रबरी तुकडे आणि चकत्या फेकू नका. बिल, यूपीआयची पावती आणि चारही चाकांच्या आकड्यांचा कागद यांच्यासोबत एका पिशवीत बांधून ठेवा.